घरातील चित्रमुद्रण पेटीचा परवलीचा शब्द हरवल्यास

दारावर, जिन्यात, अंगणात बसविलेल्या कॅमेऱ्यांची दृश्ये ज्या पेटीत साठविली जातात तिला बाजारात डीव्हीआर किंवा एनव्हीआर म्हणतात. टीव्हीच्या केबलसारख्या गोल केबलने कॅमेरे जोडलेले असतील तर ती पेटी डीव्हीआर. संगणकाच्या लॅन केबलने किंवा वायफायने जोडलेले असतील तर एनव्हीआर. हा भेद पुढे महत्त्वाचा ठरणार असल्याने वाचकांनी आपल्या घरची पेटी कोणती, ते मागील बाजूस एकदा पाहून घ्यावे. दोन्ही प्रकारांत आत हार्ड डिस्क असते, आणि तीत साठविलेले पाहावयाचे तर ‘ॲडमिन’ हे नाव व त्याचा परवलीचा शब्द, म्हणजेच पासवर्ड, द्यावा लागतो.

पासवर्ड हरवला आहे, ही गोष्ट सहसा नको त्या दिवशी ध्यानात येते. चालू दृश्य बहुतेक पेट्या पासवर्ड न मागताच मॉनिटरवर दाखवितात, त्यामुळे वर्षानुवर्षे कोणाला त्याची आठवणही होत नाही. मग एके दिवशी घरफोडी होते, उभ्या वाहनाला कोणी धक्का देऊन निघून जाते, किंवा घरातील वृद्ध व्यक्ती जिन्यावर पडलेली आढळते. मागील चित्रण पाहण्यासाठी माऊस दाबावा, तो पेटी पासवर्ड विचारते. बडोद्यातील आपल्या अनेक घरांत आई-वडील येथे व मुले पुण्यास, बंगळुरास किंवा परदेशी, अशी स्थिती आहे. कॅमेरे मुलाने सुटीत येऊन बसवून घेतलेले, पासवर्ड कॅमेरेवाल्याने घातलेला, आणि पेटीसमोर बसलेल्या वडिलांना त्यातले काहीच सांगितलेले नसते.

अशा वेळी सर्वांचे लक्ष पासवर्डकडे लागते. वास्तविक ते आधी चित्रणाकडे लागावयास हवे. पासवर्ड आठ दिवसांनी मिळाला तरी बिघडत नाही. चित्रण मात्र आठ दिवस राहीलच असे नाही.

चित्रण किती दिवस टिकते?

डिस्क भरली की पेटी सर्वांत जुने चित्रण पुसून त्या जागी नवे लिहिते. हे आपोआप, न विचारता होते. हिशेब सोपा आहे. दर सेकंदास २ मेगाबिट या वेगाने साठविणारा एक कॅमेरा दिवसाला सुमारे २१.६ गिगाबाइट जागा घेतो. असे चार कॅमेरे असतील तर दिवसाला सुमारे ८६ गिगाबाइट, म्हणजे १ टेराबाइटची डिस्क साडेअकरा दिवसांत भरते. आठ कॅमेरे असतील तर तीच डिस्क सहा दिवसही पुरत नाही. हालचाल झाली तरच साठवावयाचे, अशी मांडणी केलेली असेल किंवा साठविण्याचा वेग कमी ठेवलेला असेल तर दिवस वाढतात. डिस्क किती टेराबाइटची आहे हे बहुधा खरेदीच्या पावतीवर असते. ती काढून आपला हिशेब प्रथम करावा.

घटना कालची असेल व डिस्क दहा दिवस पुरणारी असेल, तर घाई करण्याचे कारण नाही. मुदत संपत आली असेल तर पेटीची वीज बंद करणे हा सर्वांत सोपा उपाय होय. वीज बंद केल्याने साठविलेले चित्रण जात नाही, फक्त नवे लिहिणे थांबते. अर्थात तेवढा काळ घरावर पहाराही राहत नाही. डीव्हीआर असेल तर मधला मार्ग असा, की ज्या कॅमेऱ्यांचा घटनेशी संबंध नाही त्यांच्या केबली मागून काढून ठेवाव्यात. डिस्क भरण्याचा वेग त्या प्रमाणात कमी होतो. काही पेट्या अशा वेळी पीं-पीं असा आवाज करीत राहतात, तो सहन करावा.

आणखी एक काम याच वेळी करावे. मॉनिटरवर चालू दृश्याच्या कोपऱ्यात दिनांक व वेळ दिसते. ती मोबाइलमधील घड्याळाशी ताडून किती मिनिटांचा फरक आहे ते कागदावर लिहून ठेवावे व दोहोंचे एकत्र छायाचित्र घ्यावे. पेटीचे घड्याळ वीस मिनिटे पुढे किंवा मागे असणे अगदी सामान्य आहे. पुढे पोलीस ठाण्यात किंवा न्यायालयात ‘चोर २ वाजून १० मिनिटांनी आला’ असे म्हणताना त्या वीस मिनिटांचा खुलासा हाती असावा लागतो, आणि पेटी एकदा पूर्ववत केली की तो पुरावा मिळत नाही.

जी दारे अजून उघडी आहेत

पासवर्ड विसरला तरी पेटीत जाण्याच्या सर्व वाटा बंद झालेल्या असतातच असे नाही. घरातील कोणाच्या तरी मोबाइलवर कॅमेऱ्यांचे ॲप चालू असेल, तर त्याच ॲपमधून मागील चित्रण पाहता येते व हवा तेवढा भाग मोबाइलमध्ये उतरवूनही घेता येतो. हिकव्हिजनचे हिक-कनेक्ट, दाहुआचे डीएमएसएस आणि सीपी प्लसचे जी-सीमॉब ही त्यांतील परिचित नावे. परदेशी असलेल्या मुलाच्या मोबाइलवर ते आहे का, हे सर्वप्रथम विचारावे. पुष्कळदा प्रश्न तेथेच सुटतो. मात्र ‘नीट चालत नाही, म्हणून काढून पुन्हा टाकतो’ असे म्हणून ॲपमधील यंत्राची नोंद पुसू नये. ती पुन्हा जोडताना बहुधा तोच हरवलेला पासवर्ड विचारला जातो.

ज्या संगणकावरून पूर्वी कधी पेटी पाहिली असेल त्याच्या ब्राउझरमध्ये पासवर्ड जपून ठेवलेला असू शकतो. ब्राउझरच्या सेटिंगमधील साठविलेल्या पासवर्डांच्या यादीत तो अक्षरशः वाचावयास मिळतो. काही पेट्यांना पासवर्डाऐवजी नऊ ठिपके जोडण्याची खूणही दिलेली असते. पासवर्ड विसरलेल्या गृहस्थाला ती खूण हातवळणाने आठवते, असा अनुभव आहे. पेटी २०१५ पूर्वीची असून तिचा मूळ पासवर्ड कधी बदललेलाच नसेल, तर तो पुस्तिकेत छापलेला असतो. हिकव्हिजनच्या त्या काळच्या पेट्यांचा १२३४५, दाहुआच्या पुष्कळ पेट्यांचा ॲडमिन, तर काही स्वस्त चिनी पेट्यांना ॲडमिन या नावापुढे पासवर्डची जागा मोकळी सोडली तरी प्रवेश मिळे.

अंदाजाने पासवर्ड घालीत बसणे मात्र टाळावे. नव्या पेट्या पाच-सात वेळा चूक झाली की सुमारे अर्धा तास दार बंद करतात. संभाव्य शब्द आधी कागदावर लिहावेत, त्यांतील कोणते घालून पाहिले त्यावर खूण करावी, आणि अक्षरे लहान की मोठी याकडे लक्ष द्यावे. मॉनिटरवरील कळफलकावर माऊसने अक्षरे निवडताना लहान-मोठ्या अक्षरांची गल्लत फार होते.

कॅमेरेवाल्याला विचारणे ओघाने आलेच. त्याच्याकडे पासवर्ड असण्याची शक्यता मोठी असते, कारण पुष्कळ कॅमेरेवाले आपल्या सर्व गिऱ्हाइकांच्या पेट्यांना एकच पासवर्ड घालतात. तो त्याने चटकन सांगितला तर काम झाले म्हणून समाधान मानावे, आणि त्याच दिवशी तो बदलावा. आपल्या घराची किल्ली शहरातील दोनशे घरांना लागते, एवढाच त्याचा अर्थ आहे.

कंपनीचा मार्ग

वरील कोणतेही दार उघडले नाही, तर पेटी बनविणाऱ्या कंपनीने ठेवलेल्या मार्गाने जावे. आजच्या नामांकित पेट्यांत प्रवेशाच्या पडद्यावरच ‘पासवर्ड विसरलात का’ अशा अर्थाची खूण असते. ती दाबल्यावर काय होते, हे पेटी बसविताना काय भरले गेले यावर अवलंबून असते. सुरक्षा-प्रश्न भरले असतील तर त्यांची उत्तरे विचारली जातात. ई-मेलचा पत्ता दिला असेल तर पडद्यावर चौकोनी क्यूआर चित्र येते. ते कंपनीच्या ॲपने टिपले की त्या ई-मेलवर सांकेतिक क्रमांक येतो, आणि तो पेटीत घालून नवा पासवर्ड ठरविता येतो. दाहुआच्या पद्धतीत हा क्रमांक २४ तासच चालतो. हिकव्हिजनच्या पेट्यांत बसवितानाच पेन ड्राइव्हवर एक लहानशी फाइल काढून ठेवण्याची सोय असते. ती जपलेली असेल तर दोन मिनिटांत काम होते. नव्या पेट्यांत हिक-कनेक्टच्या खात्यातूनही पडताळणी होऊ शकते.

यांपैकी काहीच भरलेले नसेल तर हिकव्हिजनच्या पेट्यांसाठी एसएडीपी नावाचा कंपनीचा विनामूल्य प्रोग्रॅम आहे. पेटी ज्या राऊटरला जोडली आहे त्याच राऊटरला जोडलेल्या संगणकावर तो चालवावा लागतो. तो जाळ्यातील पेटी शोधतो व तिच्याकडून एक विनंती-फाइल काढून देतो. ती फाइल, पेटीखालील अनुक्रमांकाच्या चिठ्ठीचे छायाचित्र व खरेदीची पावती कंपनीच्या साहाय्य विभागाकडे पाठविल्यास उत्तरादाखल दुसरी फाइल येते. ती त्याच प्रोग्रॅमने पेटीत घातली की नवा पासवर्ड ठरतो. उत्तर येईपर्यंत पेटी बंद करून पुन्हा चालू करू नये, कारण विनंती-फाइल त्या वेळच्या पेटीशी बांधलेली असते. वीज जाण्याचा संभव असेल तर पेटी इन्व्हर्टरवर किंवा यूपीएसवर घ्यावी. डिस्कची मुदत संपत आल्याने ज्यांना पेटी बंदच ठेवावयाची आहे, त्यांची येथे अडचण होते. त्यांनी वीज बंद करून आतील डिस्क तंत्रज्ञाकडून काढून ठेवावी व मगच डिस्कविना पेटी चालू करून हे सोपस्कार करावेत.

कंपनीचा दूरध्वनी क्रमांक पुस्तिकेवरून किंवा कंपनीच्या अधिकृत संकेतस्थळावरूनच घ्यावा. शोधयंत्रात सर्वांत वर दिसणारा ‘ग्राहक सेवा’ क्रमांक ठकाचा असू शकतो. पलीकडच्या माणसाने संगणकाचा ताबा देणारे ॲप उतरवावयास सांगितले किंवा दहा रुपये भरावयास सांगितले की दूरध्वनी ठेवून द्यावा. पैसे गेलेच तर १९३० या राष्ट्रीय क्रमांकावर त्वरित कळवावे.

‘मास्टर कोड’चा मोह

इतका खटाटोप कशासाठी, एखादा सर्व पेट्यांना लागणारा पासवर्ड नसतो का, असे अनेक जण विचारतात. पूर्वी तसे काहीसे होते. हिकव्हिजनच्या जुन्या पेट्यांत अनुक्रमांक व त्या पेटीतील दिनांक यांवरून एक सांकेतिक शब्द काढता येई, आणि तो घातला की पासवर्ड पूर्ववत होई. ती रीत बाहेर फुटली, ती काढून देणारे प्रोग्रॅम सर्वत्र मिळू लागले. जी पेटी आपल्याला अशी उघडता येते ती चोरालाही येते, हे सांगावयास नकोच.

कंपन्यांनी दारे आवळण्यामागे आणखी एक मोठी घटना आहे. २०१६ च्या उत्तरार्धात ‘मिराई’ नावाच्या घातक प्रोग्रॅमने जगभरातील घरगुती चित्रमुद्रण पेट्या, कॅमेरे व राऊटर ताब्यात घेतले. त्यासाठी त्याच्याजवळ कोणतीही जादू नव्हती. होती ती कारखान्यातून येणाऱ्या साठाहून अधिक नाव-पासवर्ड जोड्यांची यादी. कोणाच्या तरी जिन्याखाली ठेवलेल्या पेटीवर ती एकेक करून लावून पाहिली जाई. २१ ऑक्टोबर २०१६ रोजी अशा असंख्य पेट्यांनी मालकांच्या नकळत एकाच वेळी डिन या अमेरिकी कंपनीच्या यंत्रणेवर मारा केला, आणि ट्विटर, नेटफ्लिक्स यांसारखी संकेतस्थळे काही तास अनेकांना उघडेनात. त्यांत शियाँगमाई या चिनी कंपनीचे भाग असलेल्या पेट्या व कॅमेरे मोठ्या प्रमाणात होते. त्या कंपनीने नंतर अमेरिकेतील काही माल परत मागविला. मिराई पेटीच्या तात्पुरत्या स्मृतीतच राहत असल्याने वीज बंद केली की तो नाहीसा होई, पण मूळ पासवर्ड तसाच असेल तर पेटी पुन्हा लागण होई. हिकव्हिजनने २०१५ मध्येच मूळ पासवर्ड काढून टाकून पहिल्या वापराच्या वेळी मालकाने स्वतः पासवर्ड ठरविण्याची सक्ती केली होती. इतरांनीही हळूहळू तीच वाट धरली. आज आपल्याला पावती व अनुक्रमांक पाठवावे लागतात ते यामुळे.

आतील नाण्याच्या आकाराची बॅटरी काढून ठेवली की पासवर्ड जातो, अशीही एक समजूत आहे. ती जुन्या संगणकांवरून आलेली. पेटीतील ही ३ व्होल्टची बॅटरी घड्याळ चालू ठेवते. पासवर्ड असतो वेगळ्या, विजेविना टिकणाऱ्या स्मृतीत. बॅटरी काढल्याने आजच्या पेट्यांत पासवर्ड जात नाही, दिनांक मात्र बिघडतो. म्हणजे ज्या चित्रणासाठी धडपड चालली आहे, त्यापुढील चित्रणाच्या वेळा चुकीच्या पडू लागतात.

पूर्ण पूर्ववत करणे

काही पेट्यांच्या आतील पाटीवर रिसेटची कळ असते. वीज देताना ती काही सेकंद दाबून धरली की पेटी कारखान्यातून आल्यासारखी होते. चित्रण डिस्कवर असल्याने सहसा ते राहते, परंतु नव्याने सुरू झालेली पेटी ‘डिस्क तयार करावी का’ असे विचारते, आणि घाईत ‘होय’ दाबले गेले तर सर्व संपते. म्हणून डिस्क आधी बाहेर काढून ठेवणे हेच शहाणपणाचे. काढलेली डिस्क घरच्या संगणकाला जोडू नये. पेट्यांची साठविण्याची पद्धत निराळी असल्याने विंडोज ती ओळखत नाही व फॉरमॅट करण्यास सुचविते. त्या सूचनेला मान दिला तर उरलेले आयुष्य वरातीमागून घोडे नाचविण्यात जाते.

येथे आरंभी सांगितलेला भेद उपयोगी पडतो. डीव्हीआरच्या साध्या केबलवरील कॅमेऱ्यांना स्वतःचा पासवर्ड नसतो. पेटी उघडली की सर्व पूर्ववत दिसू लागते. एनव्हीआरचा प्रत्येक कॅमेरा मात्र स्वतः एक लहान संगणक असून त्याला वेगळा पासवर्ड असतो, आणि बसविताना बहुधा पेटीचाच पासवर्ड त्याला दिलेला असतो. त्यामुळे पेटी नवी झाली तरी कॅमेरे जुनाच पासवर्ड मागत राहतात, व पडद्यावर काळे चौकोन दिसतात. प्रत्येक कॅमेरा खाली उतरवून, त्याची कळ दाबून पूर्ववत करावा लागतो. सहा कॅमेऱ्यांच्या घरात शिडी घेऊन दिवस जातो. एनव्हीआर असणाऱ्यांनी म्हणूनच कंपनीचा मार्ग संथ वाटला तरी आधी तो पुरता चालून पाहावा.

पोलीस व न्यायालय

गुन्हा घडला असेल तर स्वतः पेटी उघडीत बसण्यापूर्वी पोलिसांना कळवावे, आणि पासवर्ड नसल्याचेही स्पष्ट सांगावे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ मधील कलम ६३ नुसार पेटीतून उतरवून घेतलेल्या प्रतीसोबत प्रमाणपत्र द्यावे लागते. त्यावर यंत्राचा ताबा असलेल्या व्यक्तीची व तज्ज्ञाची सही असते, आणि त्या फाइलचा हॅश, म्हणजे गणिताने काढलेली तिची अंगठ्याची खूण, नमूद करावी लागते. पूर्वी हीच तरतूद १८७२ च्या कायद्यात कलम ६५ब म्हणून होती. तिचा अर्थ सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०२० मध्ये अर्जुन पंडितराव खोतकर विरुद्ध कैलास कुशनराव गोरंट्याल या प्रकरणात निश्चित केला. तो वाद जालना विधानसभा मतदारसंघातील २०१४ च्या उमेदवारी अर्जांचा होता, आणि प्रश्न निवडणूक अधिकाऱ्याच्या कार्यालयातील कॅमेऱ्यांच्या चित्रणाचाच होता. मूळ यंत्रच न्यायालयासमोर आणले नाही तर प्रमाणपत्र आवश्यक, असे तेथे ठरले. तेव्हा ‘ही पेटी माझ्या ताब्यात होती व नीट चालत होती’ असे कोणी म्हणावयाचे, हा प्रश्न केवळ तांत्रिक राहत नाही. ज्याला पेटी उघडताच येत नाही आणि जिचा पासवर्ड कोणा त्रयस्थाकडे आहे, अशा मालकाची उलटतपासणी सोपी जात नाही.

शेजाऱ्याच्या किंवा भाडेकरूच्या पेटीला हे उपाय लावू नयेत, हेही येथे नोंदविणे भाग आहे. मालकाच्या परवानगीविना दुसऱ्याच्या यंत्रात शिरणे हा माहिती तंत्रज्ञान अधिनियम, २००० च्या कलम ४३ व ६६ खाली येणारा विषय होय.

पेटी कोणाच्या नावावर?

हरवलेला पासवर्ड मिळाला तरी एक गोष्ट पाहावयाची राहतेच, आणि आमच्या मते तीच सर्वांत महत्त्वाची. पेटीत नोंदविलेला ई-मेल कोणाचा, मोबाइल क्रमांक कोणाचा, आणि ॲपमधील मूळ खाते कोणाचे? आपल्या परिचयातील एका घरी चोरीनंतर क्यूआर चित्र टिपले, सांकेतिक क्रमांक सुटला, आणि तो गेला दुकान बंद करून गाव सोडलेल्या कॅमेरेवाल्याच्या ई-मेलवर. कुंपण शेत खाईलच असे नाही, पण कुंपणाची दोरी परक्याच्या हाती राहिली हे खरे. हिक-कनेक्टसारख्या ॲपमध्ये यंत्र एकाच खात्याच्या मालकीचे असते. इतरांना ते केवळ वाटून दिलेले असते, आणि मूळ खातेदार ते कधीही काढून घेऊ शकतो. आपल्याला मोबाइलवर दृश्य दिसते याचा अर्थ पेटी आपल्या नावावर आहे असा होत नाही.

पासवर्ड नव्याने ठरविताना ई-मेल घरातील अशा व्यक्तीचा द्यावा, जी तो पत्ता रोज उघडते. सुरक्षा-प्रश्नांची उत्तरे व पासवर्ड कागदावर लिहून पाकिटात बंद करावा व घराच्या कागदपत्रांबरोबर ठेवावा. पेटीवर चिकटवू नये. घरातील वृद्धांसाठी फक्त पाहण्याचा अधिकार असलेले दुसरे नाव निर्माण करावे, म्हणजे ॲडमिनचा पासवर्ड वारंवार कोणाला सांगावा लागत नाही. कॅमेरेवाल्याला दुरुस्तीसाठी तो द्यावा लागलाच तर काम संपताच बदलावा. एनव्हीआरच्या बाबतीत कॅमेऱ्यांचे पासवर्डही त्याच कागदावर असावेत.

जुनी पेटी विकताना किंवा भंगारात देताना डिस्क काढून घ्यावी आणि ॲपमधील आपल्या खात्यातून ती पेटी वगळावी. तसे न केल्यास घेणाऱ्याला ती स्वतःच्या खात्यात जोडता येत नाही, आणि तो पावतीवरील पत्ता शोधीत आपल्याच दारी येतो.